संहितेत नसलेला चेहरा

१९५६ च्या वसंतात कानच्या चित्रपट महोत्सवात स्पर्धेला उतरलेल्या चित्रपटांची यादी आज वाचली तरी डोळे दिपतात. सत्यजित राय यांचा ‘पथेर पांचाली’ त्यात होता, इंगमार बर्गमनचा ‘स्माइल्स ऑफ अ समर नाइट’ होता. सर्वोच्च मान मिळाला तो कुस्तो आणि लुई माल यांच्या समुद्राखालच्या जगावरच्या माहितीपटाला. याच यादीत हंगेरीहून आलेला एक कृष्णधवल चित्रपट होता : ‘कोरहिंता’, म्हणजे जत्रेतला फिरता पाळणा. दिग्दर्शक झोल्तान फाब्री. चित्रपटाला मोठं पारितोषिक मिळालं नाही. पण फ्रान्स्वा त्र्यूफो नावाचा चोवीस वर्षांचा एक तिखट समीक्षक तिथे होता. भल्याभल्यांची रेवडी उडवणाऱ्या या गृहस्थाने या चित्रपटाचं आणि त्याच्या नायिकेचं तोंड भरून कौतुक केलं. नायिकेचं नाव मारी तोरोचिक. वय वीस, बुडापेस्टच्या नाट्य आणि चित्रपट महाविद्यालयातली विद्यार्थिनी, आणि ही तिची पहिलीच मोठी भूमिका.

त्यानंतर सहा महिन्यांनी बुडापेस्टच्या रस्त्यांवर सोव्हिएत रणगाडे आले.

हंगेरीत तेव्हा चित्रपटाची संहिता आधी कागदावर तपासली जाई. एखादं वाक्य खोडता येई, शेवट बदलायला लावता येई, संहिताच फडताळात टाकून देता येई. नटीचा चेहरा मात्र कागदावर येत नाही. पुढची तीन दशकं हंगेरीच्या पडद्यावर जे उघड बोलता येत नव्हतं, त्यातलं बरंच काही तोरोचिकच्या चेहऱ्यावरून प्रेक्षकांपर्यंत पोचलं. म्हणूनच तिचं चरित्र सांगायला बसलं की त्या राजवटीचं चरित्रही सोबत येतं.

जमीन, लेव्ही आणि एक मुलगी

तोरोचिकचा जन्म २३ नोव्हेंबर १९३५ चा, हेवेश परगण्यातल्या पेई या खेड्यातला. हंगेरीच्या सपाट, शेतीच्या मुलखातलं हे गाव. तिच्या बालपणातच या मुलखाची उलथापालथ झाली. १९४५ मध्ये मोठ्या जमीनदारांच्या जमिनी काढून भूमिहीनांना वाटल्या गेल्या. शेतकऱ्याला आयुष्यात पहिल्यांदा स्वतःचा तुकडा मिळाला, आणि चारच वर्षांत माट्याश राकोशीच्या कम्युनिस्ट सरकारने तो सहकारी शेतीत घालण्याचा धोशा लावला. जो ऐकेना त्याच्यावर सक्तीची लेव्ही, वाढीव कर, आणि ‘कुलक’, म्हणजे धनदांडगा शेतकरी, असा शिक्का. धान्याचे हौद झाडून नेले जात.

१९५३ च्या मार्चमध्ये स्तालिन गेला. जुलैमध्ये इमरे नाज पंतप्रधान झाला आणि त्याने शेतकऱ्यांना सहकारी संस्था सोडण्याची मुभा दिली. अनेकांनी आपली जनावरं आणि अवजारं परत घरी नेली. ‘कोरहिंता’ घडतो तो नेमका या दिवसांत. मूळ कथा इमरे शारकादीची. पाताकी नावाचा शेतकरी सहकारी संस्थेतून बाहेर पडलाय. जोडीला आणखी एक खासगी शेतकरी, शांदोर फारकाश. दोघांच्या जमिनी एकत्र याव्यात म्हणून पाताकी आपली मुलगी मारी फारकाशला द्यायची ठरवतो. मुलीचं मन मात्र माते बिरोवर आहे आणि तो सहकारी संस्थेतला तरुण आहे.

आता ही गोष्ट पक्षाच्या कचेरीत बसलेल्या माणसाने कागदावर वाचली, तर त्याला आवडण्यासारखीच आहे. संस्था सोडणारा बाप लोभी, संस्थेतला तरुण उमदा, आणि प्रेमाचा विजय म्हणजे सहकाराचा विजय. परवानगीचा शिक्का मारायला अडचण कसली? पण पडद्यावर पाहणाऱ्याला संस्था आठवत नाही. त्याला आठवते जत्रा. साखळ्यांना टांगलेल्या खुर्च्या गरगर फिरताहेत, मारी आणि माते त्यात बसून हवेत झेपावताहेत आणि कॅमेराही त्यांच्याबरोबर फिरतो आहे. पुढे एका लग्नघरी माते सगळ्या गावासमोर तिला नाचायला ओढतो. फारकाश पाहतो आहे, बाप पाहतो आहे, नाच थांबत नाही, वेग वाढतच जातो. तोरोचिकच्या चेहऱ्यावर आधी संकोच, मग भीती, मग एक बेफिकिरी. या मुलीला काहीतरी हवं आहे, आणि ते बापाच्याही हिशेबात बसत नाही आणि पक्षाच्याही. १९५६ च्या फेब्रुवारीत हा चित्रपट हंगेरीत प्रदर्शित झाला तेव्हा नाजला पदावरून दूर करून जवळपास वर्ष झालं होतं. ज्या मोकळ्या वाऱ्यात त्याची गोष्ट घडते, तो वारा पडला होता. प्रेक्षकांना ती बेफिकिरी कळली नसेल असं मानायला जागा नाही.

राखेवरची वर्षं

२३ ऑक्टोबर १९५६ ला बुडापेस्टमध्ये उठाव झाला. ४ नोव्हेंबरला सोव्हिएत फौजांनी तो चिरडायला सुरुवात केली. सुमारे दोन लाख माणसं देश सोडून गेली. त्यांत नट, लेखक, छायाचित्रकारही होते. यानोश काडार सत्तेवर आला. अटकसत्र सुरू झालं, फाशी झाल्या, आणि १६ जून १९५८ ला इमरे नाजलाही फासावर चढवलं गेलं.

‘कोरहिंता’मधला माते, म्हणजे इमरे शोश, हा शेतकरी घरातून आलेला गुणी नट. हंगेरीच्या पहिल्या रंगीत चित्रपटाचा, ‘लूदाश मात्यी’चा तो नायक होता. १९५७ च्या जूनमध्ये तो आणि त्याची पत्नी घरात मृतावस्थेत सापडले. त्याचं वय सत्तावीस होतं. कानला पाहिलेल्या त्या उडत्या जोडप्यातली एकटी मारी उरली.

तोरोचिक देशातच राहिली. १९५८ मध्ये शिक्षण संपवून ती राष्ट्रीय नाट्यगृहात दाखल झाली, आणि त्याच वर्षी फाब्रीने तिला घेऊन ‘एदेश ऑना’ केला. देझो कोस्तोलानी यांच्या १९२६ सालच्या कादंबरीतली ही मोलकरीण. काळ १९१९ चा : बेला कूनचं औटघटकेचं सोव्हिएत सरकार कोसळलंय, मध्यमवर्ग पुन्हा हुशारलाय, आणि विझी नावाच्या अधिकाऱ्याच्या बायकोला हवी तशी आदर्श मोलकरीण मिळाली आहे. ऑना राबते, कुरकुरत नाही, चोरत नाही, खाण्याचीही हाव नाही. आणि एका रात्री ती मालक-मालकिणीचा खून करते.

का, हे कादंबरी थेट सांगत नाही. ऑनाला स्वतःलाही सांगता येत नाही. म्हणजे नटीला बोलायला जवळजवळ काहीच नाही. तोरोचिकने ही भूमिका खाली घातलेल्या मानेवर आणि हातांवर पेलली. ताट पुसताना, गालिचा झटकताना, दारात उभं राहून हुकूम ऐकताना तिच्या अंगात काहीतरी साचत जातं. कागदावर हा चित्रपटही निर्धोकच होता. बूर्झ्वा मालक, पिळलेली नोकराणी, यात आक्षेपार्ह ते काय? पण १९५८ च्या हंगेरीत निमूटपणे हुकूम पाळणारी, आणि आत काय चाललंय याचा पत्ता लागू न देणारी माणसं फक्त विझींच्या स्वयंपाकघरात नव्हती.

याच सुमारास तिने कालमान मिकसात यांच्या लोकप्रिय कादंबरीवरच्या ‘सेंट पीटरची छत्री’मध्ये हसरी, लाघवी नायिकाही रंगवली. ती केवळ दुःखाची नटी आहे अशी समजूत करून घेऊ नये. तिच्या आवाजात एक किंचित चिरकी, बालिश धार होती. विनोदाला ती चपखल बसे, आणि शोकाला अनपेक्षितपणे.

इमारत नसलेलं नाट्यगृह

राष्ट्रीय नाट्यगृहात ती १९५८ ते १९७९ अशी एकवीस वर्षं होती. त्यातली पहिली काही वर्षंच ते नाट्यगृह आपल्या जुन्या, ब्लाहा लुइझा चौकातल्या वास्तूत होतं. भुयारी रेल्वेच्या कामाचं कारण देऊन १९६४ मध्ये तिथले प्रयोग थांबवले गेले आणि १९६५ मध्ये इमारत सुरुंग लावून पाडली. देशाचं प्रमुख नाट्यगृह मग दुसऱ्यांच्या वास्तूंत बिऱ्हाड करून राहिलं. नवी, स्वतःची इमारत दान्यूबच्या काठी उभी राहायला २००२ साल उजाडावं लागलं. तोरोचिक तेव्हा पुन्हा त्या मंडळीत होती.

हंगेरीत दूरचित्रवाणीचं नियमित प्रक्षेपण १९५७ मध्ये सुरू झालं. साठच्या दशकात घरोघरी संच आले. एकच वाहिनी, त्यामुळे संध्याकाळी सारा देश एकाच गोष्टीकडे पाहत बसे. चेखव, मोल्नार, हंगेरीचे जुने-नवे लेखक यांच्या कृतींवर दूरचित्रवाणीची नाटकं होत आणि राष्ट्रीय नाट्यगृहातले नट त्यात हमखास असत. तोरोचिकने अशी अनेक कामं केली. चित्रपटगृहात तिचा चेहरा भव्य दिसे. इथे तो दिवाणखान्यातल्या माणसांच्या उंचीवर आला. तिच्या बारीक, आवरलेल्या अभिनयाला लहान पडदा मानवला. आणि ज्यांनी फाब्री किंवा मिक्लोश यांचो या दिग्दर्शकांचा एकही चित्रपट पाहिला नव्हता, त्या खेड्यापाड्यांतल्या लोकांनाही ती घरची वाटू लागली. १९६८ च्या ‘पाल रस्त्यावरची मुलं’ या चित्रपटात ती छोट्या नेमेचेकची आई झाली. फेरेन्ट्स मोल्नार यांची ही कादंबरी हंगेरीतलं प्रत्येक मूल शाळेत वाचतं. चित्रपटाला ऑस्करचं नामांकनही मिळालं.

दोन बायका आणि खोटी पत्रं

काडारच्या राजवटीचं सांस्कृतिक धोरण द्योर्द आत्सेल या मुत्सद्द्याच्या हाती होतं. त्याने कलाकृतींचे तीन वर्ग केले होते : ज्यांना पाठबळ द्यायचं त्या, ज्या चालवून घ्यायच्या त्या, आणि ज्यांच्यावर बंदी घालायची त्या. सगळा खेळ मधल्या वर्गात चाले. आज चालवून घेतलेलं उद्या बंद होऊ शके, काल अडलेलं आज सुटू शके.

कारोय मॉक या दिग्दर्शकाचा ‘सेरेलेम’, म्हणजे ‘प्रेम’, असाच काही वर्षं अडकून पडला होता. लेखक तिबोर देरी हा जुना कम्युनिस्ट. १९५६ च्या उठावाची बाजू घेतल्याबद्दल त्याला १९५७ मध्ये नऊ वर्षांची शिक्षा झाली. युरोपभरच्या लेखकांनी निषेध केला आणि १९६० मध्ये तो सुटला. त्याच्या दोन कथा जोडून मॉकला चित्रपट करायचा होता.

गोष्ट साधी आहे. लुत्साचा नवरा यानोश राजकीय कैदी आहे. त्याची म्हातारी आई अंथरुणाला खिळली आहे, आणि मुलगा तुरुंगात आहे हे तिला सांगायचं नाही असं सुनेने ठरवलंय. यानोश अमेरिकेत मोठा चित्रपट बनवतोय, अशी थाप तिने मारली आहे. ती स्वतः पत्रं लिहिते आणि सासूबाईंच्या हाती देते. पत्रांतला अमेरिकेचा थाट दिवसेंदिवस वाढत जातो. इकडे लुत्साची नोकरी गेली आहे, आणि नवरा जिवंत आहे की नाही याची तिलाही खात्री नाही.

सासूच्या भूमिकेसाठी मॉकने न्यूयॉर्कहून लिली दारवाशला बोलावलं. ती ‘पाल रस्त्यावरची मुलं’ लिहिणाऱ्या मोल्नारची विधवा आणि एके काळची नावाजलेली नटी. आयुष्याचा मोठा काळ परदेशी घालवून ती बुडापेस्टला आली, आणि जिचा मुलगा परदेशी असल्याचं खोटंच सांगितलं जातंय त्या आईची भूमिका तिने केली. यानोशच्या भूमिकेत इव्हान दारवाश. हा १९५६ नंतर खरोखरच तुरुंगात जाऊन आला होता आणि सुटल्यावरही त्याला काही काळ रंगमंचाचं दार बंद होतं. आणि सुनेच्या भूमिकेत तोरोचिक.

चित्रपटाचा बराचसा भाग एका खोलीत, एका पलंगाभोवती घडतो. म्हातारी चौकशा करते, सून उत्तरं देते. म्हातारी खाष्ट आहे, हुशार आहे. तिला सगळं कळलंय आणि ती सुनेच्या समाधानासाठी थापा ऐकून घेतेय, असा संशय अधूनमधून येतो. तोरोचिक खोटं बोलताना हसते, चिडते, थट्टा करते. ती रडवेली होऊन दया मागत नाही. सासू डोळे मिटते त्या क्षणी मात्र तिचा चेहरा सैल पडतो, आणि या बाईने किती ओझं उचललंय ते दिसतं. छायाचित्रकार यानोश तोत याने मधेमधे क्षणभर चमकून जाणाऱ्या प्रतिमा पेरल्या आहेत : म्हातारीच्या आठवणी, सुनेची भीती. बाकी सगळा भार दोन चेहऱ्यांवर आहे. सुटका होऊन यानोश घरी येतो तेव्हा आई गेलेली असते.

चित्रपटाचा काळ १९५३ चा दाखवला आहे. ही मखलाशी ध्यानात घ्यायला हवी. राकोशीच्या तुरुंगांबद्दल बोलायला काडारच्या राज्यात फारशी आडकाठी नव्हती. स्वतः काडारही १९५१ ते १९५४ या काळात त्यातल्या एकात होता. तेव्हा सरकारला म्हणता येत होतं की ही जुन्या, चुकीच्या काळाची गोष्ट आहे. पण १९७१ मध्ये चित्रपटगृहात बसलेल्या बायकांना यानोश कुठल्या तुरुंगातून आला असेल हे विचारावं लागत नव्हतं. १९५६ नंतर हजारो घरांत कुणी ना कुणी लुत्सा झाली होती. तारीख संहितेत होती, तोरोचिकच्या चेहऱ्यावर ती नव्हती.

त्या वर्षी कानमध्ये ‘सेरेलेम’ला परीक्षक मंडळाचं पारितोषिक मिळालं आणि दोन्ही नटींचा खास उल्लेख झाला. १९७३ मध्ये सरकारने तोरोचिकला देशातला सर्वोच्च सांस्कृतिक सन्मान, कोशुत पुरस्कार, दिला. ज्या राजवटीच्या आड ती उभी होती तिनेच तिला डोक्यावरही घेतलं. काडारच्या हंगेरीत या दोन गोष्टी एकत्र नांदत, आणि तोरोचिक काही बंडखोर म्हणून ओळखली जात नव्हती. तिने जाहीरनाम्यांपेक्षा भूमिका केल्या.

इलेक्ट्रा आणि देरीने

१९७४ मध्ये मिक्लोश यांचोने तिला उघड्या माळावर उभं केलं. ‘माझी प्रिये, इलेक्ट्रा’ ही ग्रीक शोकांतिकेवरून लास्लो द्युर्को यांनी लिहिलेल्या नाटकाची चित्रपट-आवृत्ती. सुमारे सत्तर मिनिटांचा हा चित्रपट फक्त बारा अखंड दृश्यांत चित्रित झाला आहे. कॅमेरा सरकत राहतो, शेकडो माणसं, घोडे, नर्तक एकाच वेळी हलत राहतात. या प्रचंड हालचालीत चुकीला जागा नाही, कारण एक जण चुकला की दहा मिनिटांचं काम पुन्हा करायचं. बाप मारला गेला आणि मारेकरी राज्य करतोय हे विसरायला नकार देणारी इलेक्ट्रा तोरोचिकने केली. जुलमी राजा प्रजेला सक्तीने आनंदी ठेवतो, आणि ही एकटी आठवण काढत राहते. काडारचा समाजवाद तेव्हा सुखवस्तू होऊ लागला होता. विसरण्याच्या बदल्यात स्वस्थता असा तो मूक करार होता.

पुढचा चित्रपट तिचा नवरा द्यूला मार याचा. ‘देरीने कुठे आहे?’ ही रोझा सेप्पाताकी देरीने या एकोणिसाव्या शतकातल्या नटीची गोष्ट. शहरांत जर्मन नाटकांचं राज्य असताना हंगेरियन भाषेतली नाटकं घेऊन गावोगाव हिंडणाऱ्या फिरत्या मंडळीतली ही गायिका-नटी. चित्रपटातली देरीने उताराला लागली आहे. तरुण नायिका आपल्याला आता शोभणार नाही हे तिला उमगतंय आणि मान्य होत नाही. तोरोचिक तेव्हा चाळिशीत होती. पडद्यावर आणि पडद्याबाहेर एकच प्रश्न असलेली भूमिका नटी क्वचितच स्वीकारते. ती एकीकडे भाव खाते, दुसरीकडे स्वतःचीच टिंगल करते, आणि आरशात पाहताना कधी क्रूरही होते. १९७६ च्या कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक तिला दोमिनिक सांदाबरोबर विभागून मिळालं. ‘कोरहिंता’ला वीस वर्षं झाली होती.

बोलायला मोकळीक मिळाल्यावर

१६ जून १९८९ ला बुडापेस्टच्या वीरांच्या चौकात प्रचंड गर्दीसमोर इमरे नाजची शवपेटी ठेवली गेली आणि त्याचं सन्मानाने दफन झालं. त्याला फासावर दिल्याला त्या दिवशी बरोबर ३१ वर्षं झाली होती. तीन आठवड्यांनी काडार वारला. त्याच वर्षी कोस्ता-गाव्रास यांचा ‘म्युझिक बॉक्स’ हा अमेरिकी चित्रपट आला. अमेरिकेत स्थायिक झालेल्या हंगेरियन बापावर युद्धकाळातल्या अत्याचारांचा आरोप येतो आणि वकील मुलगी त्याचा बचाव करते. बुडापेस्टमध्ये या मुलीला भेटणारी, बोलण्यापेक्षा पाहत राहणारी बाई तोरोचिकने केली. भूमिका काही मिनिटांची, पण मुलीला सत्याकडे नेणारा धागा तिच्याच हातून मिळतो. बर्लिनला या चित्रपटाला सुवर्ण अस्वल मिळालं.

मग ती वेळ आली जिची पूर्व युरोपातल्या कितीतरी कलावंतांना धास्ती होती. सेन्सॉर गेला, आणि त्याच्याबरोबर सरकारी पैसाही आटला. चित्रपट कमी झाले, चित्रपटगृहं अमेरिकी मालाने भरली. शिवाय ज्यांची सगळी कला आडून बोलण्यात मुरली होती, त्यांना आता समोरून बोलायला सांगितलं जात होतं. अनेक जण त्यात हरवले.

तोरोचिक हरवली नाही. १९९४ मध्ये रशियन दिग्दर्शक अनातोली वासिलयेव याने बुडापेस्टमध्ये दोस्तोयेव्हस्कीच्या कथेवर केलेल्या नाटकात ती होती. १९९७ च्या आतिला यानिश याच्या ‘लांबलेली सांज’ या चित्रपटात ती एक वृद्ध प्राध्यापिका झाली. ही बाई बसमध्ये चढते आणि अनोळखी मुलखात भरकटत जाते. यात राजकारण नाही, रूपक उलगडून सांगणारं कुणी नाही, सबंध चित्रपट तिच्यावर खिळलेला आहे. २००० मध्ये ‘राष्ट्राचा नट’ हा आजीव सन्मान निर्माण झाला तेव्हा पहिल्या बारा जणांत तिचं नाव होतं. २००८ मध्ये ती मृत्यूच्या दारातून परतली आणि पुन्हा रंगमंचावर उभी राहिली. २०१७ मध्ये मार्ता मेसारोश या ज्येष्ठ दिग्दर्शिकेच्या ‘ऑरोरा बोरिअॅलिस’मध्ये ती पन्नासच्या दशकातलं एक गुपित आयुष्यभर पोटात ठेवलेली आई होती. १६ एप्रिल २०२१ ला, ८५ व्या वर्षी तिचं निधन झालं. शेवटची वर्षं तिने पश्चिम सीमेजवळच्या वेलेम या गावात काढली होती.

दडपशाहीतच मोठी कला जन्मते असा एक मोहक समज आहे, आणि तोरोचिकचं नाव त्याच्या पुराव्यादाखल सहज पुढे करता येईल. तिच्या नंतरच्या भूमिका त्याला दुजोरा देत नाहीत. आतलं सगळं ओठांवर न आणण्याची तिची रीत सेन्सॉरने शिकवलेली नव्हती. ती तिच्या पहिल्याच चित्रपटात, लग्नघरच्या त्या नाचात दिसते, तेव्हा ती अजून विद्यार्थिनी होती आणि कुणापासून काही लपवण्याचं तिला कारण नव्हतं. सेन्सॉरने केलं ते इतकंच की या गुणाचं मोल साऱ्या देशाला कळण्याची वेळ आणली. त्या काळच्या संहिता, त्यांवरचे शेरे, परवानगीचे कागद आज अभ्यासकांना वाचायला मिळतात. काय बोलू दिलं गेलं आणि काय नाही, ते त्यांत नोंदलेलं आहे. लोकांना तरीही काय कळत होतं, हे शोधायचं असेल तर ‘सेरेलेम’ पाहावा लागतो.